चोल्वेकडं बॉल येईना

हे मी सांगतो ते कुणी खरं मानणार नाही, आणि मानूही नका. खरं मानलं की गोष्टीची चव जाते. पण मी एक असा फुटबॉल सामना बघितलाय, ज्यात गोलकीपर बाई दोन खांबांच्या मध्ये पाट टाकून बसली होती आणि लोकरीचा स्वेटर विणत होती. सामना चालू होता. बॉल खेळात होता. रेफरी मीच होतो, शिट्टी माझ्या तोंडात होती, आणि ती बाई मला खुणेनं विचारत होती की बाही एवढी पुरेल का अजून चार बोटं वाढवू. स्वेटर माझाच होता.

परवा आमच्या पेठेतल्या मुलींच्या टीमला मी हे सांगितलं. दुसऱ्या दिवशी त्यांची मॅच. कोचला वाटलं, साळोखे आजोबा झांबियात राहून आलेत, तिकडच्या फुटबॉलचे चार उपदेशाचे शब्द सांगतील. पोरी सोप्यात सतरंजीवर बसल्या. आत आमची मंडळी, म्हणजे या पोरींच्या आजी, भडंग परतत होती. पोरींनी पहिला प्रश्न सिंहाचा विचारला. मी म्हणालो, इतकी वर्षं काढली, सिंह एकदाच पाहिला, तोही बिअरच्या बाटलीवर, आणि तो माझ्यापेक्षा आजारी दिसत होता. दुसरा प्रश्न संयोगितानं विचारला. ही त्यांची स्टॉपर, बचावाच्या मध्ये उभी राहणारी. ऐकते कमी आणि बघते जास्त. ती म्हणाली, "गोलकीपर विणत होती, तर मग बॉल कोण अडवत होतं?"

प्रश्न बरोबर होता. बॉल चोल्वे अडवत होती.

आता चोल्वे कोण ते सांगतो. झांबियाच्या दक्षिण भागात, काफुए नदीच्या पाण्यावर उसाचे मोठे मळे आहेत. तिथल्या एका साखर कारखान्यात मी पॅन इनचार्ज म्हणून गेलो. रसाचा पाक दाणा धरेपर्यंत आटवायचा, हे माझं काम. आमच्या कॅन्टीनमध्ये मक्याच्या पिठाची घट्ट उकड करायचे. तिला तिकडं न्शिमा म्हणतात. कामगारांची आख्खी पाळी जेवायची म्हणजे ड्रमएवढं पातेलं, आणि ढवळायला होडीच्या वल्ह्याएवढा लाकडी चाटू. तो चाटू चोल्वेच्या हातात. पाय फाकवून, कंबर खाली घेऊन ती उभी राहिली की पातेलं हलायचं, चोल्वे हलायची नाही. एकदा उकड एवढी घट्ट झाली की चाटू रुतला. चार गडी लावले तरी निघेना. चोल्वेनं त्यांना बाजूला व्हा म्हटलं आणि चाटू तसाच धरून पातेलंच फिरवलं.

पोरींतली एक हसली. मी म्हटलं, हसू नका, पुढं अजून आहे.

कारखान्याची बायकांची टीम होती, तिच्यात चोल्वे बचावाला खेळायची. ती पळायची नाही. बॉल जिथं येणार तिथं ती आधीच जाऊन उभी असायची, जशी बस यायच्या आधी आपण स्टँडवर उभे असतो तशी. समोरून स्ट्रायकर यायची, मान वर करून बघायची, बॉल हिच्या पायात द्यायची आणि माफी मागून परत जायची. हळूहळू सगळ्या जिल्ह्यात बातमी झाली. मग टीमा तिच्या बाजूला यायच्याच बंद झाल्या. बॉल दुसऱ्या अर्ध्या मैदानावर फिरायचा, तिथंच रेटारेटी व्हायची, तिथंच सामना संपायचा. चोल्वेच्या बाजूचं गवत गुडघ्याला लागलं. मैदान राखणारा माणूस तिथं आपल्या शेळ्या सोडायचा. हाफटाइमला चोल्वे त्यातली एखादी धरून धार काढायची, म्हणजे चहाला दूध व्हायचं. आणि गोलकीपर, तिचं नाव बेनेडिक्टा, तिनं विणायला घेतलं. एका हंगामात तिनं सगळ्या पाळीला स्वेटर घातले.

हे ऐकायला गमतीचं आहे, पण चोल्वेसाठी यात एक मोठी पंचाईत होती.

देशाच्या टीमसाठी बचावाची एक जागा रिकामी झाली होती. लुसाकाहून निवड समितीच्या बाई येणार होत्या, कापेम्बवा बाई. त्या आधीही एकदा येऊन गेल्या होत्या. आख्खा सामना बघून जाताना त्यांनी मला विचारलं की ती पलीकडं शेळ्यांत उभी आहे ती खेळाडू आहे का. मी म्हटलं, तीच तर आमची सगळ्यात चांगली खेळाडू. त्या म्हणाल्या, तिनं आज बॉलला पाय लावला नाही. मी म्हटलं, म्हणूनच. त्यांना ते पटलं नाही. खरं सांगायचं तर मला स्वतःलाच ते बोलताना विचित्र वाटलं.

आणि दुसरीकडं मामा. चोल्वे टोंगा जमातीची. त्यांच्यात मुलीच्या बाबतीत शब्द आईच्या भावाचा. बाप नुसता चहा पितो. चोल्वेचे मामा, स्याकालिमा मामा, उंच, काटकुळे, कायम हॅट घालणारे. त्यांनी मोंझेकडच्या एका गायीवाल्याशी लग्न ठरवत आणलं होतं. त्यांच्यात गायी मामाकडं आल्या की लग्न झाल्यात जमा, गायी परत गेल्या की मोडलं. मधलं काही नाही. गायीवाल्यानं चोल्वेला बघितलंही नव्हतं. त्यानं फक्त विचारलं होतं म्हणे, की ढवळते कशी.

मामा दुष्ट नव्हते, हे पण सांगून ठेवतो. त्यांनी चोल्वेला समोर बसवून सांगितलं की देशाच्या टीमला मी आडवा येत नाही. निवड झाली तर लुसाकाला जा, मी गायी परत पाठवीन. नाही झाली तर सामना संपला की मैदानावरनंच माझ्याबरोबर चल, चाटू आणि बूट दोन्ही तिथंच ठेव.

चोल्वेनं हे आमच्या स्वयंपाकघरात बसून सांगितलं. ती रोज संध्याकाळी यायची. तिनं आमच्या मंडळींना न्शिमा शिकवली होती आणि मंडळींनी तिला पिठलं. त्या दिवशी दोघींनी काही केलं नाही, नुसत्या बसून राहिल्या. चोल्वे गेल्यावर आमची मंडळी माझ्याशी बोलेनात, जसा काही मामा मीच.

म्हणून मग मी डोकं लढवलं. चोल्वेला निवडायचं तर तिच्याकडं बॉल यायला पाहिजे. बॉल यायचा तर कुणीतरी तिच्या अंगावर जायला पाहिजे. आणि असं कुणी झांबियात उरलं असेल तर ते फक्त मेव्हणे.

इथं पोरींना मला मेव्हणकी समजावून सांगावी लागली, ती तुम्हालाही सांगतो. आपल्याकडं मेव्हण्याची थट्टा चालते, तसं तिकडं आख्ख्या जमातीचं नातं असतं. सगळे टोंगा हे सगळ्या लोझींचे मेव्हणे. लोझी म्हणजे पश्चिमेकडं, पुराच्या मैदानात राहणारी माणसं. या दोघांनी एकमेकांना वाटेल ते बोलायचं, वाटेल ते उचलून न्यायचं, आणि चिडायचं कुणी नाही. जो चिडला तो हरला, आणि वर त्याची लाज. आम्हा भारतीयांनाही कॅन्टीनच्या बायकांनी टोंगांच्या मेव्हण्यांत घेतलं होतं. का, ते त्यांनाच माहीत. मी नवा असताना एका फिटरनं माझा डबा उघडून सगळा खाल्ला आणि मीठ कमी आहे म्हणून तक्रार केली. मी तावातावानं मॅनेजरकडं गेलो, तर तो म्हणाला, अरे, तो तुझा मेव्हणा, तू त्याची सायकल ने. मी नेली. पावसाळा संपेपर्यंत वापरली. तो बिचारा रोज चालत यायचा आणि मला बघून हसायचा.

ही मेव्हणकी मयतालाही सुटत नाही. मातीच्या वेळी मेव्हणा येतो, खड्ड्याशी आडवा पडतो आणि म्हणतो, माझा मान दिल्याशिवाय माती पडू देणार नाही. त्याला ओढायचं नाही, मारायचं नाही, त्याच्यावर ओरडायचं नाही. तो मागेल त्यावर घासाघीस करायची आणि काहीतरी देऊन उठवायचं. तो मेलेल्याच्या नकला करतो, घरचे रडता रडता हसतात, आणि मग माती होते. मी पहिल्यांदा बघितलं तेव्हा मला कसंतरीच वाटलं. नंतर समजलं की हसून घेतलं की रडू नीट येतं.

तर मी मोंगूच्या लोझी बायकांची टीम बोलावली. बाकी कुणी चोल्वेच्या वाटेला गेलं नसतं; पण टोंगा मेव्हणीनं टोमणा मारला आणि लोझी मेव्हणी गप बसली, असं होत नाही. मी चोल्वेला सांगितलं, तू फक्त बोल. तुझा बॉल तुझ्या तोंडानं बोलव.

सामन्याच्या दिवशी नेमलेल्या रेफरीची गाडी वाटेत बंद पडली. मी कोल्हापूरचा, फुटबॉल मला पाळण्यातला, आणि परका माणूस म्हणजे निःपक्षपाती, असं म्हणून दोन्ही टीमांनी शिट्टी माझ्या गळ्यात घातली. सगळा कारखाना मैदानाभोवती. कॅन्टीनच्या बायका एका कडेला, आमची मंडळी त्यांच्यात. कापेम्बवा बाई छत्रीखाली खुर्चीवर. आणि पलीकडच्या कडेला मामा, आणि सामना झाला की त्यांच्या गोठ्यात न्यायच्या म्हणून आणलेल्या गायीवाल्याच्या गायी. मामांचा गुराखी सोबत होता. गायी सामना बघत होत्या. मला त्या निवड समितीपेक्षा जास्त लक्ष देऊन बघताहेत असं वाटलं.

मोंगूची स्ट्रायकर इनोंगे. काटक, बारीक, पायात भिंगरी. सुरुवातीला तीही शहाण्यासारखी दुसऱ्या बाजूनं खेळत होती. तेवढ्यात चोल्वेनं शेळ्यांतून आवाज दिला. ती टोंगात बोलली, मी कोल्हापुरीत सांगतो:

"काय गं इनोंगे, होडी बांधून आलीस, का अजून पुरातच हाईस? दर साली पाण्याला भिऊन गाव उचलून पळणारी माणसं तुम्ही. हिकडं कोरडं हाय, ये."

मोंगूच्या बाकड्यावर पहिली हसली ती त्यांचीच कोच. इनोंगे जागच्या जागी थांबली. तिच्या टीममधल्या बायका ओरडत होत्या, जाऊ नको. पण मेव्हणी ती मेव्हणी. तिनं बॉल घेतला आणि सरळ उंच गवतात शिरली.

"तुम्ही गायीला विचारल्याबिगर नवरा करत न्हाई म्हणं," पळता पळता ती म्हणाली. "तुझ्या नवऱ्याला शिंगं किती?"

चोल्वेनं बॉल काढून घेतला, इतक्या सहज की कपाटातून वाटी काढावी. शेळ्या बाजूला झाल्या. कापेम्बवा बाईंनी छत्री जरा मागं केली. इनोंगे परत आली. चोल्वेनं परत काढून घेतला. असं चाललं. इनोंगे यायची, बोलायची, बॉल गमावायची, जायची, नवा टोमणा घेऊन परत यायची. बेनेडिक्टानं सुया खाली ठेवल्या. हंगामात पहिल्यांदा. मी म्हटलं, जमलं. आता चोल्वे लुसाकाला.

पण मेव्हणकी दोन्हीकडून चालते, हे मी विसरलो. चोल्वेला हसू फार. एकदा सुटलं की तिला उभं राहता येत नाही.

सामना संपत आला होता, गोल कुणाचाच नव्हता. इनोंगे बॉल घेऊन पेनल्टीच्या हद्दीत आली, मान वळवून गायींकडं बघितलं, आणि एकदम कळवळून म्हणाली, "मामा फसला न्हाई गं चोल्वे. बिचारा गायीवाला फसला."

चोल्वे हसली. हसता हसता वाकली, वाकता वाकता बसली, आणि बसताना बॉल तिच्या कोपराला लागला.

सगळ्यांनी बघितलं. मी पण. मी शिट्टी मारली आणि पेनल्टीच्या ठिपक्याकडं बोट केलं.

काय करणार? हात लागला होता. मी निःपक्षपाती. कॅन्टीनच्या कडेनं बायकांनी माझ्याकडं जे बघितलं ते मी अजून विसरलो नाही. तिथून एक चप्पल मैदानात आली. कुणाची ते मी बघितलं नाही.

कापेम्बवा बाईंनी छत्री मिटली. त्यांना जे बघायचं ते बघून झालं होतं: ऐन वेळी खाली बसून हसणारी बचावपटू. पलीकडं मामांनी गायींना जीभ वाजवून उठवायला घेतलं. चोल्वेचं हसू गेलं होतं. ती हातानं गुडघ्यावरची माती झाडत उभी होती, आणि झाडायची थांबत नव्हती. इनोंगेनं बॉल ठिपक्यावर ठेवला. आता तीही हसत नव्हती. ती चार पावलं मागं गेली.

"आणि मग?" पोरी म्हणाल्या.

मग इनोंगे पुढं आली. तिनं बॉल उचलून बाजूला ठेवला आणि त्या पांढऱ्या ठिपक्यावर उताणी झोपली. हात छातीवर.

"पेनल्टी सोडून?" संयोगितानं विचारलं.

मी म्हटलं, तिकडची माणसंच तशी. ऐक पुढं. आत भडंग परतायचा आवाज चालू होता, तेवढ्यात मला सांगून टाकायचं होतं.

झोपल्या झोपल्या ती मोठ्यानं म्हणाली, "हितं माझ्या मेव्हणीची माती व्हायलीय. हिचा खेळ पुरायला आणलाय. मेव्हणकीचा मान मिळाल्याबिगर मी हलणार न्हाई."

मी शिट्टी मारली. ती म्हणाली, "फुंका अजून, छाती भरंल."

मी पिवळं कार्ड काढलं. ती म्हणाली, "ते घरी दाखवा."

घरी म्हणजे मोंगूला. तिच्या घरी. असा अर्थ. फुटबॉलच्या नियमांत पेनल्टीच्या जागी मयत झालं तर काय करायचं हे कुठं लिहिलेलं नाही. मी दोन्ही कोचना बोलावलं. त्या दोघी म्हणाल्या, हे आमचं काम नाही, ज्यांच्या घरचं मयत त्यांना बोलवा. म्हणजे मामांना.

मामा हॅट सावरत मैदानात आले. काठी टेकून तिच्या उशाशी उभे राहिले. मागं सगळा कारखाना गोळा. गुराखी गायी घेऊन जवळ आला, कारण त्यालाही बघायचं होतं, त्यामुळं गायी पण आल्या.

"ऊठ बाई," मामा म्हणाले. "खेळ चाललाय."

"मयतावर उभं राहून मेव्हणीला ऊठ म्हणताय? दम असंल तर चिडून दाखवा, मामासाहेब."

लोक हसले. मामांची मिशी हलली. चिडायची तर सोयच नव्हती. एवढ्या लोकांसमोर मेव्हणीवर चिडलेला टोंगा म्हातारा पुन्हा कुठल्या मयताला जाणार? त्यांनी घसा साफ केला आणि रीतीप्रमाणं घासाघीस सुरू केली. एक कोंबडी देतो म्हणाले.

"ती तुमच्या बायकोला द्या. तिला तुमच्या घरात अजून काय मिळालं न्हाई."

गर्दीत मामीही होत्या; आता त्यांचं हसू सगळ्यांत मोठं. मामा बकऱ्यावर आले.

"बकरं हुभंच हाय की माझ्याफुडं. हॅट घालून."

मामा स्वतःच फिस्सकन हसले. मग त्यांना आपण हसलो याचा राग आला, आणि तो दाखवता येईना म्हणून आणखी हसू आलं. डोळे पुसत त्यांनी विचारलं, "बरं, मेव्हणी, तुझा मान काय?"

"गायी. सगळ्या. न्हाईतर ज्याच्या त्याला परत धाडा. आत्ता. ह्या मैदानावरनं. काय करायचं ते पोरगी ठरवंल."

हसू एकदम थांबलं. मामांनी मनात हिशोब केला. गायी मेव्हणीला दिल्या, तर लोझींनी टोंगांच्या गायी हसत हसत नेल्या हे पुढची पिढी गाईल. परत धाडल्या, तर लग्न मोडलं. आणि मैदानातली मेव्हणी काही उठत नव्हती. तिनं तर डोळे मिटून घेतले होते. मामांनी चोल्वेकडं बघितलं. मला वाटतं, त्या दिवशी त्यांनी तिच्याकडं पहिल्यांदाच नीट बघितलं. ती अजून गुडघा झाडत होती. त्यावर माती कधीच उरली नव्हती.

मामांनी हॅट काढली, डोकं खाजवलं, आणि गुराख्याला मोंझेच्या रस्त्याकडं काठी दाखवली.

गायी वळल्या. मैदानाच्या मधून, सेंटरच्या वर्तुळातून, ऊस-रस्त्याला लागल्या. चोल्वेचा हात थांबला. गायींच्या पाठी उसात दिसेनाशा होईपर्यंत ती जागची हलली नाही.

मग पेनल्टी झाली. नियम म्हणजे नियम. इनोंगेनं बॉल मारला, तो खांबाला लागून परत आला, आणि चोल्वेनं तो उडवला. पोरींनो, मी मारलेला म्हणत नाही, उडवलेला म्हणतो. बॉल मैदानाच्या वरनं गेला, गायींच्या वरनं गेला, ऊस-यार्डाच्या भिंतीवरनं गेला आणि कारखान्यात ऊस ओढून नेणाऱ्या पट्ट्यावर पडला. पट्टा चालू होता. बॉल उसाबरोबर चरकात गेला. त्या पाळीच्या साखरेला चामड्याचा वास होता. मी स्वतः पाक आटवलाय, मला माहीत. लुसाकातले लोक आठवडाभर म्हणत होते की चहाला आज बुटाची चव का.

दुसरा बॉल नव्हता, म्हणून सामना तिथंच बरोबरीत संपला. कापेम्बवा बाईंनी छत्री परत उघडली होती. त्या माझ्याकडं आल्या आणि म्हणाल्या की मी देशभर बचावपटू बघत फिरते, पण जिच्यासाठी दुसरं कुणीतरी मैदानात आडवं पडतं अशी ही पहिलीच. त्यांनी चोल्वेला आपल्याच गाडीतून नेलं. चोल्वे पुढं कितीतरी वर्षं देशाकडून खेळली. तिकडंही तिच्याकडं बॉल येईना. लुसाकाच्या गोलकीपरनंही विणायला घेतलं, आणि त्यांची आख्खी टीम परदेशात थंडीत सामने खेळायला गेली तेव्हा एकसारख्या स्वेटरमध्ये गेली.

पोरी खूश झाल्या. एकीनं टाळी दिली. कोच म्हणाला, घ्या, हे असं असतं. मला तिथंच थांबायला पाहिजे होतं. पण एक पोरगी म्हणाली, "आणि मामा खरंच चिडले न्हाईत, आजोबा? शेवटपर्यंत?"

"कशाचे चिडतात," मी म्हणालो. मला सगळं डोळ्यांपुढं दिसायला लागलं होतं. "त्यांनी स्वतः हात देऊन उठवलं तिला. ती उठली, पदर झटकला, तांबडी माती होती ती सगळी, आणि मामांना म्हणाली, उन्हात उभं हाईसा, घरी या, पिठलं टाकते."

आत उलथन्याचा आवाज थांबला.

पोरी एकमेकींकडं बघायला लागल्या. संयोगिता मात्र स्वयंपाकघराच्या दाराकडं बघत होती.

"आजोबा," ती म्हणाली, "स्ट्रायकर मरंल, पण पेनल्टी सोडून झोपणार न्हाई. आणि फुटबॉलच्या चड्डीला पदर नसतो. तिथं आजी झोपल्या होत्या, आणि तुम्ही त्यास्नी कार्ड दाखवलं."